कुडोपी आणि पिंगुळी : एका दिवसाची सहल, दोन प्रकारची चित्रं

दिवाळीची सुट्टी संपून शाळा भरली की शिक्षकांच्या खोलीत एकच विषय निघतो, यंदा सहल कुठे न्यायची? मग ठरलेली नावं येतात. मालवणचा सिंधुदुर्ग, विजयदुर्ग, फार तर कोल्हापूर नाहीतर गोवा. ही ठिकाणं चांगलीच आहेत, पण आमच्या जामसंडे-देवगडकडच्या मुलांनी त्यातली निम्मी घरच्यांबरोबर आधीच बघितलेली असतात. म्हणून या लेखात एक वेगळी सहल सुचवते आहे. सकाळी मालवण तालुक्यातल्या कुडोपीच्या सड्यावरची कातळशिल्पं आणि दुपारनंतर कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजाची चित्रकथी आणि बाहुल्यांचे खेळ. पाचवी ते नववीच्या मुलांना ही सहल झेपते. पहाटे निघालं तर दिवेलागणीपर्यंत घरी परतता येतं.

ही दोन ठिकाणं एकाच दिवशी का, असं कुणीही विचारेल. कुडोपीत हजारो वर्षांपूर्वी कोरलेली चित्रं आहेत, पण ती काढणाऱ्यांची गोष्ट सांगायला कुणी उरलेलं नाही. पिंगुळीत चित्रंही आहेत आणि ती हातात धरून गोष्ट सांगणारी माणसंही आहेत. चित्र आणि त्याची गोष्ट सांगणारा यांचं नातं काय असतं, हे समजायला याहून चांगली जोडी आपल्या जिल्ह्यात मला तरी दिसत नाही.

कातळशिल्प म्हणजे काय, आणि काय नाही

सडा आपल्या मुलांच्या ओळखीचा असतो. जांभ्या दगडाचं सपाट पठार, पावसाळ्यात इवल्या फुलांनी भरलेलं, उन्हाळ्यात पाय भाजणारं. गुरं चारायला, क्रिकेट खेळायला, काजूच्या बिया गोळा करायला मुलं सड्यावर जातातच. या कातळाचा वरचा थर कठीण असतो. त्याच थरावर कुणीतरी रेघा खोल कोरून, किंवा आकृतीच्या भोवतीचा दगड काढून आकृती तेवढी उठावदार ठेवून, मोठमोठी चित्रं केली. ही कातळशिल्पं. लेणी किंवा मूर्ती डोळ्यांसमोर उभ्या असतात. ही चित्रं जमिनीवर आडवी असतात. त्यामुळे त्यांच्यावरून चालत गेलं तरी पुष्कळदा कळत नाही.

अशी शिल्पं रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि गोवा या पट्ट्यात सापडतात. गोव्यात कुशावती नदीच्या काठची उसगाळीमळची शिल्पं १९९३ साली अभ्यासकांपुढे आली. आपल्या जिल्ह्यात सतीश लळीत यांनी २००१ मध्ये हिवाळे इथली आणि २०१२ मध्ये कुडोपीची शिल्पं उजेडात आणली. रत्नागिरी जिल्ह्यात सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि डॉ. सुरेंद्र ठाकूरदेसाई यांनी गावोगाव सडे तुडवले, गुराख्यांना आणि म्हाताऱ्या माणसांना विचारत विचारत ठिकाणं नोंदवली. 'उजेडात आणली' हा शब्द इथे जपून वापरायला हवा. गावच्या लोकांना ही चित्रं ठाऊक होतीच. कुडोपीच्या त्या जागेला गावात 'बाहुल्यांचं टेंब' म्हणतात. आता ज्या जागेला बाहुल्यांचं नाव आहे ती जागा गावाने बघितली नव्हती असं कसं म्हणायचं? हा मुद्दा मुलांशी जरूर बोला, त्यांना तो फार पटतो.

२०२२ मध्ये कोकणातल्या नऊ ठिकाणच्या कातळशिल्पांची नावं युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या संभाव्य यादीत गेली. त्यात रत्नागिरी जिल्ह्यातली सात, गोव्यातलं एक आणि सिंधुदुर्गातलं एकच, ते म्हणजे कुडोपी. 'संभाव्य' हा शब्द फलकावर आणि भाषणात बऱ्याचदा गळतो. संभाव्य यादी म्हणजे देशाने सांगितलेली 'ही ठिकाणं आम्ही पुढे मांडू इच्छितो' अशी यादी. तिथून जागतिक वारशाचा दर्जा मिळेपर्यंत बरीच मजल असते. मुलांच्या वहीत हे बरोबर उतरू दे.

वय किती, हा मुलांचा पहिला प्रश्न. त्याचं उत्तर सोपं नाही, आणि का सोपं नाही हाच खरा विज्ञानाचा धडा आहे. कार्बनच्या पद्धतीने वय काढायला लाकूड, हाड, कोळसा असं एकेकाळी जिवंत असलेलं काहीतरी लागतं. जांभ्यातल्या रेघेत ते नसतं. म्हणून अभ्यासक आडवळणाने जातात. चित्रांत कोणते प्राणी आहेत? रत्नागिरीकडच्या शिल्पांत गेंडा दिसतो, जो आज कोकणात नाही. शेतीची खूण दिसते का? आसपास कोणत्या प्रकारची दगडी हत्यारं मिळतात? आपल्या जिल्ह्यातल्या कोळोशीच्या गुहेत राज्याच्या पुरातत्त्व विभागाने केलेल्या उत्खननात अशी हत्यारं मिळाली आहेत. या सगळ्यावरून केलेले अंदाज दहा-बारा हजार वर्षांपासून तीन-चार हजार वर्षांपर्यंत पसरलेले आहेत. मुलांना एकच आकडा पाठ करायला देऊ नका, ही पसरट उत्तरंच द्या.

आधी मैदानावर हत्ती

सहलीच्या आठवडाभर आधी शाळेत एक गोष्ट करावी, ती म्हणजे मैदानावर हत्ती काढायचा. रत्नागिरी जिल्ह्यातल्या कशेळीच्या सड्यावर एक कोरलेला हत्ती आहे. तो साधारण १८ मीटर लांब आणि १३ मीटर उंच आहे. त्याच्या पोटात आणि भोवती आणखी कितीतरी प्राण्यांच्या छोट्या आकृत्या आहेत. एवढ्या आकाराचा हत्ती आपल्या मैदानावर फक्कीने काढायचा.

वहीच्या चौकटीच्या पानावर हत्ती काढा, एक चौकट म्हणजे एक मीटर. मग मैदानावर सुतळी आणि खुंट्या घेऊन तशाच चौकटी आखा. गटागटाने मुलांना चौकटी वाटून द्या. ज्याच्या वाट्याला शेपटीची चौकट येते त्याला सोंड कुठे चालली आहे ते दिसत नाही. जमिनीवर उभं राहून १८ मीटरचा हत्ती एका नजरेत मावत नाही. आमच्या मैदानावर पहिल्या प्रयत्नात सोंड पार कबड्डीच्या रेषेपलीकडे गेली आणि मागचे पाय बोकडाचे झाले. मग एका मुलीने पाण्याच्या टाकीच्या जिन्यावर उभं राहून 'डावीकडे, अजून डावीकडे' असं ओरडायला सुरुवात केली आणि काम जमलं.

तेवढ्यात सातवीतला एक मुलगा म्हणाला, "बाई, त्यांच्याकडे टाकी खंय होती?" या एका प्रश्नासाठी सगळा खटाटोप करावा. सपाट सड्यावर, उंच जागा नसताना, त्या माणसांनी प्रमाण कसं सांभाळलं? दोर वापरला असेल? पावलं मोजली असतील? आधी लहान चित्र केलं असेल? गुणोत्तर-प्रमाणाचा पाठ शिकवायला यापेक्षा चांगलं निमित्त नाही, आणि चित्रकलेच्या शिक्षकांनाही यात जोडून घेता येतं. पालकांनी घरच्या अंगणात रांगोळीने लहान आकारात हा खेळ केला तरी चालतो. अट एकच, काढताना मागे सरकून बघायचं नाही.

सड्यावर

जामसंड्याहून पहाटे सहाच्या आत निघा. कुणकेश्वर, मिठबाव करत किनाऱ्याच्या रस्त्याने आचऱ्याकडे जाऊन मग आत वळायचं. शेवटचं अंतर पायी आहे आणि सड्यावर वाटा फसव्या असतात, म्हणून दोन शिक्षकांनी आधी एकदा जाऊन यावं, ग्रामपंचायतीत कळवावं आणि गावातला एखादा माहितगार माणूस सोबत ठरवावा. त्याला त्याच्या वेळेचे पैसे द्यावेत. शाळा आहे म्हणून सगळं फुकट, ही सवय आपणच मोडायला हवी.

वेळेचा आग्रह उन्हाच्या भीतीने तर आहेच, पण खरं कारण सावली आहे. सकाळी कोवळं ऊन तिरपं पडतं तेव्हा रेघांच्या खोबणीत सावली भरते आणि आकृती कातळातून वर आल्यासारखी दिसते. साडेदहानंतर तीच जागा सपाट, पांढुरकी दिसायला लागते. हिवाळ्याचे महिने बरे, डिसेंबर-जानेवारी उत्तम. पावसाळ्यात शेवाळ आणि गवत असतं, एप्रिल-मेमध्ये मुलांना तिथे उभं करणं बरं नाही.

सावली हवी म्हटल्यावर पुढची गोष्ट ओघाने येते. खडूने रेघा भरू नका. फोटो स्पष्ट यावा म्हणून आकृत्यांमध्ये खडू, चुना, अगदी रंगही भरलेला मी काही ठिकाणी पाहिला आहे. भरणाऱ्याने जी रेघ बघितली तीच पुढच्या सगळ्यांना दिसते, आणि त्याला जी दिसली नाही ती कायमची बुजते. शिवाय खरवडून साफ करताना दगडाची कड झिजते. पातेरा असेल तर मऊ केरसुणीने हलकेच बाजूला करावा, एवढंच. रेघांवर उभं राहायचं नाही, वरून उड्या मारायच्या नाहीत.

आणि सुटे दगड उलथायचे नाहीत. हे दोनदा सांगा. जांभ्याच्या सड्यावर दगडाखाली फुरसं असतं, आणि आपल्या भागात ते किती आहे हे कोकणातल्या पालकांना सांगायला नको. पायात बूट, खांद्यावर पाणी, डोक्यावर टोपी.

कुडोपीत साठाहून जास्त आकृत्या आहेत. माणसासारखे आकार आहेत, मासे आणि पक्षी वाटतील असे आकार आहेत, आणि कशासारखेच न वाटणारे चौकोनी, वळणावळणांचे आकारही आहेत. एका मोठ्या आकृतीला अभ्यासक मातृदेवता म्हणतात. पोचल्याबरोबर मुलांना माहिती सांगायला सुरुवात करू नका. पंधरा मिनिटं त्यांना गटाने नुसतं फिरू द्या. मुलं विचारतातच, "बाई, ह्यां काय आसा?" त्यावर उलट विचारा, "तुला काय दिसतंय?"

मग वहीचं पान तीन भागांत मोडायचं. पहिल्यात 'दिसतं', दुसऱ्यात 'वाटतं', तिसऱ्यात 'माहीत आहे'. 'दोन लांब रेघा, वर गोल' हे दिसतं. 'माणूस आहे' हे वाटतं. 'कातळ जांभा आहे' हे माहीत आहे. मुलांना पहिल्यांदा हे बालिश वाटतं. दहा मिनिटांत भांडणं सुरू होतात, कारण एकाने 'मासा' पहिल्या रकान्यात लिहिलेला असतो आणि दुसऱ्याला तो पानासारखा दिसतो. भांडू द्या. तिसरा रकाना जवळजवळ रिकामा राहतो. तो रिकामा राहायला हवा.

सोबतच्या वाटाड्यालाही हे आधी समजावून सांगावं लागतं. 'पांडवांनी एका रात्रीत काढली' ही गोष्ट कोकणात कित्येक जुन्या ठिकाणांबद्दल सांगतात. हल्ली मोबाइलमुळे 'परग्रहावरून आलेल्यांनी काढली' हीदेखील ऐकू येते. पहिली गोष्ट गावाची आहे, ती मुलांनी ऐकावी, लिहून घ्यावी आणि खाली 'असं गावात सांगतात' असं लिहावं. गावाने न समजणाऱ्या चित्राला आपल्या ओळखीच्या गोष्टीत कसं बसवून घेतलं, हे त्यातून दिसतं. दुसरी गोष्ट मला नको वाटते. आपल्याच जमिनीवर राहणाऱ्या माणसांना एवढं जमलं नसणार, असं ती न बोलता सांगते. आणि 'मातृदेवता' हे नावसुद्धा अभ्यासकांनी दिलेलं आहे, कोरणाऱ्यांनी दिलेलं नाही. तेही मुलांनी दुसऱ्या रकान्यातच लिहावं.

इथे मुलांना एक दूरचं उदाहरण सांगता येतं. मेक्सिको आणि ग्वाटेमालातल्या माया लोकांची पायऱ्यापायऱ्यांची मंदिरं मुलांनी टीव्हीवर किंवा मोबाइलवर बघितलेली असतात. तिथेही पर्यटकांना दिवसभरासाठी अवशेष दाखवायला नेतात आणि जोडीला गावातलं विणकाम, मातीकाम दाखवतात. माया लोकांकडे लिपी होती. १५६२ मध्ये डिएगो द लांडा नावाच्या स्पॅनिश धर्मगुरूने त्यांच्या पोथ्यांची होळी केली, आणि आज अशा चारच पोथ्या शिल्लक आहेत. लिपी वाचणारं कुणी उरलं नाही. दगडांवरची अक्षरं मात्र राहिली, आणि १९५२ मध्ये युरी क्नोरोझोव्ह या रशियन अभ्यासकाने ती वाचायची दिशा दाखवली. आज त्यातला बराचसा मजकूर वाचता येतो. त्याला मदत झाली ती माया भाषा बोलणाऱ्या माणसांमुळे, कारण ही माणसं संपलेली नाहीत. लाखो लोक आजही त्या भाषा बोलतात आणि बायका कमरेला बांधायच्या मागावर कापड विणतात. 'नष्ट झालेली संस्कृती' असं आपण सहज म्हणून जातो, ते खरं नाही. कुडोपीच्या चित्रांना अशी लिपी नाही, आणि ती काढणाऱ्यांची भाषा कोणती होती हे सांगणारा धागाही हाताशी नाही. म्हणून तिसरा रकाना रिकामा.

पिंगुळी : चित्राला तोंड फुटतं

साडेदहाच्या सुमारास सड्यावरून उतरायचं. महामार्गाला लागून कुडाळ, तिथे डबे खायचे आणि दुपारी पिंगुळी गाठायची. पिंगुळी कुडाळपासून अगदी जवळ आहे. राऊळ महाराजांच्या मठामुळे गाव सगळ्यांना माहीत असतंच. मुलांना जायचं आहे ते ठाकरांच्या गुढीपुरात.

इथले ठाकर कलाकार पिढ्यान्‌पिढ्या गावोगावच्या देवळांत चित्रकथी, कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या बाहुल्यांचा छायाखेळ, पांगूळ अशा कला करत आले. सावंतवाडीच्या भोसले राजांनी त्यांना आश्रय दिला. सिनेमा आणि टीव्ही आल्यावर देवळांतली बोलावणी कमी झाली, तरुण मुलं दुसऱ्या कामाला लागली. या कला टिकवण्यासाठी परशुराम गंगावणे यांनी आयुष्य वेचलं. घरच्या गोठ्यात त्यांनी 'ठाकर आदिवासी कला आंगण' हे संग्रहालय उभं केलं. २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. मुलांना ही गोष्ट सांगताना गोठा विसरू नका. संग्रहालय म्हणजे मुंबईतली मोठी इमारत असंच त्यांच्या डोक्यात असतं.

चित्रकथी म्हणजे कागदावर रंगवलेल्या चित्रांची सुटी पानं. एका आख्यानाची पानं मिळून एक पोथी होते. चेहरे बाजूने काढलेले, डोळे मोठे, रेघ ठसठशीत. सांगणारा एकेक पान समोर धरतो आणि रामायण-महाभारतातली कथा गात, बोलत सांगतो. सोबतीला वीणा, टाळ आणि डमरूसारखं हुडूक हे वाद्य. पोथी म्हणतात खरी, पण तिच्यावर कथा लिहिलेली नसते. ती सांगणाऱ्याच्या तोंडात असते. आपल्या मुलांना हे पटकन कळतं, कारण ती जत्रेत दशावतार बघत वाढलेली असतात. दशावतारी नटाच्या हातातही संहिता नसते. कथा ठाऊक असते, संवाद रंगमंचावर उभा राहतो.

इथे मी एक क्रम सुचवते. कार्यक्रम सुरू होण्यापूर्वी कलाकारांना विनंती करून पोथीतलं मधलंच एक पान मुलांना दाखवायचं. काहीही सांगायचं नाही. सकाळचीच वही काढून तेच तीन रकाने भरायचे. 'दोन माणसं, एकाच्या हातात धनुष्य, मध्ये झाड.' 'लढाई असावी.' 'राम असेल.' तिसरा रकाना पुन्हा रिकामा. मग कार्यक्रम बघायचा. हुडूक वाजतं, सांगणारा बोलायला लागतो, आणि एकेक पान उलटत ते मधलं पान येतं. मुलं तिथे चुळबुळ करतात, एकमेकांना कोपरं मारतात. कुणी 'लढाई' लिहिलेली असते आणि ते निरोप सांगणं निघतं. ज्याला झाड समजले ते भलतंच काही निघतं. आता तिसरा रकाना भरतो, आणि पानावर जागा पुरत नाही.

यानंतर शिक्षकांनी गप्प बसावं. सकाळच्या सड्याची आठवण मुलं स्वतःच काढतात. एखादं मूल विचारतं, "तिथे पण कुणीतरी सांगत असेल का?" हे आपण आधी बोलून टाकलं तर सहलीचा सगळा जीवच जातो.

पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात चित्रकथीची पानं जपलेली आहेत. पुण्या-मुंबईच्या पालकांनी मुलांना ती जरूर दाखवावीत. काचेमागचं पान बघताना हे चित्र मोठ्या पोथीतलं एक पान आहे, त्याच्या आधी आणि नंतर काहीतरी घडतं, एवढं मुलांना सांगावं.

चित्रकथीनंतर बाहुल्या. छायाखेळात चामड्याच्या बाहुलीला छिद्रं का पाडलेली असतात, पडद्यापासून दिवा किती अंतरावर, बाहुली दिव्याजवळ नेली की सावली मोठी का होते, हे सातवी-आठवीच्या विज्ञानातलंच आहे. पण तिथेच पाठ घ्यायची घाई नको. मुलांना बाहुली हातात धरून हलवता येईल का, हे आधी फोनवर विचारून ठेवा. कळसूत्री बाहुलीचे दोरे हातात आले की सगळ्यात दंगेखोर मुलगाही गप्प होतो, हा माझा अनुभव आहे. कार्यक्रमाचं मानधन कलाकार सांगतील ते द्यावं. 'लहान मुलं आहेत, काहीतरी कमी करा' असं म्हणू नये. आपण मुलांसमोर जी घासाघीस करतो त्यावरून त्या कलेची किंमत त्यांच्या मनात ठरते. मुलांना खाऊच्या पैशातून एखादं छोटं चित्र विकत घेता आलं तर फारच छान.

साडेतीनच्या आसपास पिंगुळी सोडावी. पुढे सावंतवाडी हाकेच्या अंतरावर वाटते आणि कुणीतरी म्हणतंच, "एवढं आलोच आहोत तर..." मोह आवरा. सावंतवाडीला वेगळा दिवस हवा. चितारआळीतली लाकडी खेळणी आणि फळं, लाखेचं रंगकाम, राजवाड्यातली गंजिफा हे दमलेल्या मुलांना अर्ध्या तासात उरकायचं नाही. दशावतारी गंजिफेचे १२० गोल पत्ते, दहा अवतारांचे दहा संच, प्रत्येकी बारा पत्ते. शिवरामराजे आणि सत्वशीलादेवी भोसले यांनी ही कला पुन्हा उभी केली. त्यावर वेगळाच लेख लिहावा लागेल.

परत आल्यावर

दुसऱ्या दिवशी निबंध नको. 'आमची सहल' या निबंधात बस सुटली, मजा आली आणि रात्री घरी आलो एवढंच येतं. त्याऐवजी प्रत्येक गटाने कुडोपीतली एक आकृती निवडून तिची गोष्ट रचायची, तिची सात-आठ पानं रंगवायची आणि पानं धरून ती वर्गाला सांगायची. अट अशी की सुरुवात 'आम्हाला वाटतं' या शब्दांनी करायची. आमच्याकडे एका गटाने मासा निवडला होता आणि त्यांच्या गोष्टीत समुद्र सड्यापर्यंत आला होता. दुसऱ्या गटाने लगेच हात वर केला, "हे कुठल्या रकान्यातलं?"

शेवटी पालकांशी, विशेषतः देवगड तालुक्यातल्या बागायतदार पालकांशी थोडं बोलायचं आहे. आपल्याकडे हापूसची बाग वाढते ती सड्यावर. कातळात सुरुंग लावून खड्डा घ्यायचा, माती भरायची, कलम लावायचं. आपल्या वाडवडिलांनी अशाच खडकातून बागा उभ्या केल्या, त्यावर आपली घरं चालतात. चिरेखाणीही तशाच, आपली घरं त्याच चिऱ्यांची आहेत. बाग लावू नका असं सांगण्याचा मला अधिकार नाही आणि तसं म्हणायचंही नाही. पण कातळशिल्पं असतात ती नेमकी याच सपाट कातळावर. रस्ता, खाण किंवा बागेच्या कामात एखादी आकृती गेली तर ती तिथे होती हेसुद्धा कळत नाही, कारण बहुतेक सडे अजून कुणी नीट चालून बघितलेलेच नाहीत.

म्हणून एवढंच करा. नव्या जागेत सुरुंगाचं काम सुरू करण्याआधी एखाद्या हिवाळी सकाळी, ऊन तिरपं असताना, मुलांना घेऊन ती जागा चालून या. कुडोपी बघितलेल्या मुलांची नजर आता तयार झालेली असते. गवत कापून पातेरा बाजूला करा. रेघ सरळ आहे का वळते, दोन्ही बाजूंना सारखी आहे का, जवळ तशाच आणखी रेघा आहेत का ते बघा. पाण्याने झिजलेली भेग आणि माणसाने कोरलेली खोबण यांतला फरक पहिल्यांदा कळत नाही, पण चार जागा बघितल्यावर कळायला लागतो. शंका आली तर बाजूला पट्टी किंवा चप्पल ठेवून फोटो काढा, म्हणजे आकार समजतो. घरातल्या आजोबांना त्या जागेचं जुनं नाव विचारा. मग ग्रामपंचायतीत किंवा पुरातत्त्व विभागाच्या रत्नागिरी कार्यालयात कळवा. शाळेत कळवलंत तरी चालेल, पुढचा पत्रव्यवहार आम्ही मुलांकडून करून घेऊ. औपचारिक पत्रलेखन नववीला आहेच.